पौषात उकरलेली पांदण: थंडीत साप, बेडूक, घोरपडी कुठे असतात आणि त्यांना हलवलं की काय होतं

हे प्रकरण वर्धा जिल्ह्यातल्या सेलू तालुक्यातलं, बोर धरणाच्या अंगाला असलेल्या एका गावचं. गावाचं नाव मुद्दाम देत नाही, कारण जेसीबीने पांदण उकरताना आखडलेला नाग निघाला त्याचा व्हिडिओ आधीच बराच फिरलाय आणि लोक तिथे साप बघायला जातील. मी याच भागात शेती करतो आणि साप निघाला की आसपासच्या गावातले लोक मला फोन करतात, त्यामुळे हे सगळं डोळ्यासमोर झालंय. सविस्तर लिहितोय कारण पांदण (वावरात जायचा रस्ता) मोकळी करणं, धुरे (बांध) सपाट करणं, जुने गोटे (दगड) उचलणं ही कामं आपल्याकडे नेमकी पौष-माघात निघतात, वावरात चिखल नसतो, जेसीबी भाड्याने मिळतो, सोयाबीन निघून हातात थोडे पैसे असतात, आणि नेमके तेच दोन महिने जमिनीखालचे जीव पळू शकत नाहीत.

आधी जागा समजून घ्या. पांदण पूर्व-पश्चिम जाते, गावापासून नाल्यापर्यंत. तिच्या उत्तरेच्या बाजूला मातीचा उंच धुरा, कुठे कंबरेएवढा, कुठे छातीएवढा. पिढ्यान्‌पिढ्या लोकांनी वावरातले गोटे वेचून त्यावरच टाकलेले, त्यात बोरी, हिवर, चिल्हाटीची झुडपं वाढलेली, मध्ये एक जुनं वारूळ आणि जागोजागी उंदरा-घुशींची बिळं. धुरा उत्तरेला असल्यामुळे त्याचं तोंड दक्षिणेकडे, म्हणजे हिवाळ्यात सूर्य दक्षिणेकडून कलून जातो तेव्हा सकाळपासून पार चार वाजेपर्यंत त्याच उतारावर ऊन. पांदणीच्या दुसऱ्या अंगालाही एक धुरा आहे पण त्याची रस्त्याकडची बाजू दिवसभर सावलीत, दव दुपारपर्यंत वाळत नाही. नंतर आम्ही तो पण नीट पाहिला, त्या बाजूला बिळांची तोंडं जवळपास नव्हतीच.

रस्त्याची गरज खरी आहे, हे आधीच सांगतो. पावसाळ्यात त्या काळ्या मातीत बैलबंडी अडकते, ट्रॅक्टर तर जातच नाही, दुखणाईत माणूस बंडीत टाकून न्यायची वेळ आलेली आहे त्या गावावर. त्यामुळे पांदण करू नका असं म्हणणारा मी नाही.

झालं असं. थंडीची लाट होती, रात्रीचं टेम्परेचर आठ-नऊवर आलेलं. (विदर्भाला ही थंडी नवी नाही, नागपुरात 29 डिसेंबर 2018 ला 3.5 डिग्री नोंदवलं गेलं होतं, दिवसा मात्र आपल्याकडे लाट ओसरली की परत पंचवीस-अठ्ठावीस होतं, हा दिवस-रात्रीचा फरक पुढे लक्षात ठेवा.) जेसीबीवाल्या पोट्ट्याला दुपारनंतर दुसऱ्या साइटवर जायचं होतं म्हणून त्याने सकाळी साडेसातलाच काम सुरू केलं. वारुळाच्या बाजूने बकेट घातली, पहिल्या दोन-तीन बकेटांत मातीबरोबर बेडूक पडले, खडबडीत अंगाचे भेक, पाय पोटाशी घेतलेले, मातीच्या ढेकळासारखेच दिसणारे. कोणाचं लक्ष गेलं नाही, पण बगळ्यांचं गेलं. ट्रॅक्टरमागे येतात तसे ते जेसीबीमागे आले आणि वेचून खायला लागले. त्याच्या पुढच्या बकेटीत धामण कापली गेली आणि मागोमाग आतल्या पोकळीत वेटोळं करून बसलेला नाग उघडा पडला.

मला फोन आला तो असा, "भाऊ, लौकर या, पांदणीत नाग निंगला अन् तो हालूनच नाही रायला."

मी पोचलो तोपर्यंत पंधरा-वीस माणसं जमलेली. दोघं-तिघं अगदी हातभर अंतरावरून व्हिडिओ काढत होते. एकाच्या हातात गोटा होता पण एका काकाजींनी त्याला धरून ठेवलेलं, "नोको मारू बे, तो काय करून रायला तुले, थंडीनं आखडला हाय." काकाजींचं म्हणणं बरोबर होतं, फक्त एक गोष्ट तिथे कोणाला माहीत नव्हती की आखडलेला साप चावू शकतो. त्याला पळता येत नाही, फणा नीट उभारता येत नाही, पण तोंड उघडून दात मारायला फार ताकद लागत नाही आणि विष तेवढंच असतं. दुसरं म्हणजे सकाळचं ऊन अंगावर आलं की मेल्यासारखा पडलेला साप थोड्या वेळात चालता होतो, आणि तेव्हा त्याच्याभोवती माणसांचं कडं असेल तर मग अपघात होतो. पहिलं काम केलं ते लोकांना मागे सारण्याचं आणि जेसीबी बंद करायचं.

नाग साधारण चार फुटाचा. आकडीने उचलला तर दोरीसारखा लोंबला नाही, वेटोळ्याचा आकार तसाच धरून राहिला, तोंडातून एक लांब, हळू फुत्कार, बस. जीभ बाहेर येत होती पण किती वेळाने. शेपटीच्या टोकाला बकेटीचा दात घासून दोन बोटं रुंद साल गेलेली होती, रक्त जवळपास नव्हतंच. कापडी पिशवीत घेतला, पिशवी बादलीत, बादली सावलीत.

मेलेली धामण मात्र मी तिथेच सगळ्यांना दाखवली, कारण त्यात शिकण्यासारखं होतं. पोट फाटलेलं होतं. आत जठर पूर्ण रिकामं, आणि मागच्या अर्ध्या अंगात दोन्ही बाजूंनी पिवळट पांढऱ्या चरबीचे लांबच लांब पट्टे, लोण्याच्या रंगाचे, बोटाने दाबले तर मऊ. साप थंडीत खात नाही म्हणजे उपाशी मरतो असं नाही, तो पावसाळा आणि दिवाळीपर्यंत जे उंदीर-बेडूक खातो त्याचे हे पट्टे होतात आणि त्यावर हिवाळा निघतो. जठर रिकामं का, तर सापाचं पचन बाहेरच्या उष्णतेवर चालतं. अंग गार असताना पोटात उंदीर असेल तर तो पचत नाही, आतच सडतो, आणि साप तो ओकून टाकतो नाहीतर त्यानेच मरतो. म्हणून थंडी वाढायला लागली की साप खाणं बंद करतो, आधीचं पचवून बाहेर टाकतो आणि मगच खाली जातो.

आता हे खाली जाणं म्हणजे काय. साप, बेडूक, सरडे, घोरपड हे स्वतःच्या अंगात उष्णता तयार करून टिकवत नाहीत, भोवताल जेवढा गरम तेवढं त्यांचं अंग. टेम्परेचर दहा डिग्रीने उतरलं की शरीराचा सगळा कारभार, श्वास, हृदयाचे ठोके, चरबी जळणं, साधारण अर्ध्यावर किंवा तिसऱ्या हिश्श्यावर येतो. हीच त्यांची बचत. म्हणजे थंडी सापासाठी नुसती शत्रू नाही, बऱ्यापैकी गार जागी राहिला तर चरबी पुरते, फार गरम जागी राहिला तर चरबी लवकर संपते आणि खायला काही नाही, आणि फार गार जागी राहिला तर मरतो. त्याला नेमकी मधली जागा लागते आणि ती जमिनीखाली असते. रात्री वर आठ डिग्री असलं तरी दोन-तीन फूट खाली दिवस-रात्रीचा फरक पोचतच नाही, आपल्याकडच्या काळ्या मातीत तिथे डिसेंबरातही विशीच्या खाली सहसा जात नाही. त्या दिवशी मी खचलेल्या पोकळीत कोपरापर्यंत हात घातला होता (आत काही नाही हे बॅटरीने पाहून), बाहेर बोटं बधिर होत होती आणि आत माती चक्क उबदार लागत होती.

पण साप स्वतः बीळ खोदत नाही. हे फार महत्त्वाचं आहे आणि गावातल्या जुन्या माणसांना सोडून फार कमी लोकांच्या डोक्यात असतं. नागाला पाय नाहीत, नखं नाहीत, तो दुसऱ्याने केलेल्या घरात राहतो: घुशीचं बीळ, वारूळ, गोट्यांच्या सांदी, झाडाच्या कुजलेल्या मुळाची पोकळी. अजगराचंही तेच, राजस्थानात भरतपूरच्या केवलादेव उद्यानात अजगर हिवाळ्यात साळिंदरांच्या बिळात राहतात आणि दुपारी तोंडाशी येऊन ऊन खातात, हे अभ्यासकांनी नीट नोंदवलेलं आहे. म्हणजे एक धुरा मोडला तर माणूस नुसती माती सपाट करत नाही, वर्षानुवर्षं दुसऱ्या जनावरांनी खोदून ठेवलेली बिळं जातात, आणि साप ती परत बांधू शकत नाही.

त्या धुऱ्यात कोण कुठे होतं तेही सांगतो, कारण ते खोलीप्रमाणे लागलेलं होतं. भेक वरच्या फूटभरात, भुसभुशीत मातीत. त्यांची कातडी पातळ, त्यातून पाणी जातं आणि श्वासही काही प्रमाणात त्यातूनच होतो, म्हणून त्यांना थंडीइतकीच कोरडी हवा मारते, ओल धरून ठेवणारी माती हवी. मागच्या पायांनी उलटं उलटं खोदत ते खाली जातात. सापसुरळ्या गोट्यांखाली. नाग आणि दोन धामणी (एक मेली, एक जिवंत) अडीच-तीन फुटांवर, नाग वेगळ्या पोकळीत. आणि सगळ्यात आत, वारुळाच्या बुडाशी, घोरपडीचं पिल्लू, हातभर लांब, डोळे मिटून, पाय अंगाला चिकटवून.

त्याच धुऱ्यात घुशीचं कोठार पण फुटलं. सोयाबीनच्या शेंगा, तुरीच्या हिरव्या शेंगा, थोडी ज्वारीची कणसं, घमेलंभर तरी माल होता. घूस, उंदीर, खार, मुंगूस, चिचुंद्री ही गरम रक्ताची मंडळी, यांचा हिशोब उलटा: थंडी वाढली की यांना जास्त खावं लागतं. चिचुंद्री तर एवढीशी, अंगातली उष्णता भराभर जाते, काही तास खाणं मिळालं नाही तर तिचं संपलंच. घूस साठवून ठेवते. मुंगूस साठवत नाही, तो दिवसभर बिळं उकरत फिरतो आणि गार पडलेला बेडूक-सरडा त्याला आयता सापडतो.

आपल्याकडच्या थंडीला फार मोठी थंडी म्हणता येत नाही, हे कळावं म्हणून दोन उदाहरणं. कॅनडातल्या मॅनिटोबा प्रांतात नार्सिस नावाची जागा आहे, तिथे बाहेर उणे तीस-चाळीस होतं आणि गार्टर साप हजारोंच्या संख्येने चुनखडीच्या भेगांतून गोठणाऱ्या थराच्याही खाली उतरून महिनोन्‌महिने तिथेच राहतात. अलास्कातला वुड फ्रॉग तर खोल जातच नाही, पाचोळ्याखाली चक्क गोठतो, अंगातल्या निम्म्याहून जास्त पाण्याचा बर्फ होतो, हृदय थांबतं, पण यकृत आधीच रक्तात भरपूर ग्लुकोज सोडतं त्यामुळे पेशी फुटत नाहीत आणि वसंतात तो वितळून उडी मारतो. आपल्या बेडकाला हे जमत नाही, त्याला गरजही पडली नाही कधी. विदर्भातला साप महिनोन्‌महिने गाडून घेत नाही. तो लाटेच्या दिवसांत खाली राहतो, ऊन चढलं की अकरा ते तीनच्या दरम्यान बिळाच्या तोंडाशी येतो, अंग शेकतो, परत आत. म्हणून त्याला खोल जागा आणि ऊन हे दोन्ही एकाच ठिकाणी लागतं, आणि म्हणूनच दक्षिणेकडे तोंड असलेला धुरा.

आता निर्णयाचा भाग. तिथे तीन मतं होती. मारून टाका हे एक, ते काकाजींनी आणि बहुतेक बायांनी हाणून पाडलं. दुसरं मत सगळ्यांचं आवडतं, "भाऊ, बोरच्या जंगलात नेऊन सोडा." ऐकायला चांगलं वाटतं, आणि बरेच सर्पमित्रही हेच करतात, पण हिवाळ्यात हा सापाला मारायचाच प्रकार आहे. साप आपल्या इलाख्यातली बिळं ओळखून असतो. अनोळखी जंगलात दुपारी सोडला, त्याला एक बीळ माहीत नाही, पाच वाजता ऊन उतरलं, सात वाजता अंग गार पडायला लागलं, मग तो जिथे असेल तिथेच आखडतो आणि मुंगूस, कोल्हा, घुबड किंवा नुसती थंडी त्याला घेऊन जाते. अमेरिकेत टिंबर रॅटलस्नेकना ट्रान्समीटर लावून हे तपासलेलं आहे, लांब नेऊन सोडलेले साप नको तेवढे भटकले आणि त्यातले मेलेही जास्त.

म्हणून तिसरा मार्ग घेतला. वनविभागाच्या 1926 या हेल्पलाइनला कळवलं, बीटचे वनरक्षक आले, पंचनामा झाला, आणि त्यांच्या समोर ठरलं की धुऱ्याचा जो पश्चिमेकडचा तुकडा अजून उकरलेला नाही, दोनेकशे फुटांवर, तिथेच सोडायचं. सोडायची वेळ दुपारी बारा-साडेबारा, जमीन तापल्यावर. बिळाची तोंडं आधी शोधून ठेवली, कोळ्याचं जाळं नसलेली, आत हवा खेळती असलेली. नागाची पिशवी बिळाच्या अगदी तोंडाशी उघडली, तो क्षणभर उन्हात थांबला आणि सरळ आत गेला. धामण लगेच गेली. घोरपडीच्या पिल्लाला वेळ लागला, ते अर्धा तास उन्हात पोट जमिनीला लावून पडून राहिलं, मग गोट्यांत शिरलं. उरलेले भेक बोरीच्या सावलीत ओलसर माती भुसभुशीत करून त्यात ठेवले, वरून पाचोळा टाकला.

मधल्या वेळात दोन सूचना आल्या त्या पण नोंदवतो, कारण चांगल्या मनाने केलेल्या होत्या. एक, शेकोटीजवळ ठेवा, बिचाऱ्याला ऊब मिळेल. हे अजिबात करायचं नाही. सापाला एका बाजूने भाजतंय हे वेळेत कळत नाही, कातडी जळते, आणि एकदम गरम झालेलं अंग साठवलेली चरबी भराभर जाळतं. दुसरी, दूध पाजा. दूध हे सापाचं खाणं नाही, आणि आखडलेल्या सापाच्या तोंडात ओतलं तर श्वासनळीत जातं.

आठवड्याभरात त्याच शिवारात कापूस वेचणाऱ्या बायांना पऱ्हाटीच्या ओळीत घोणस दिसली, आणि गावात बोभाटा झाला की पांदणीतले साप वावरात घुसले. तसं नव्हतं. घोणशीचा मिलनाचा काळच हिवाळा आहे, नर मादीच्या शोधात फिरतात, उन्हाला पाचोळ्यात पडून राहतात, म्हणून इतर साप कमी दिसत असतानाही घोणस दिसते. "थंडीत साप नसतात" या भरवशावर पऱ्हाट्यांच्या आणि तुराट्यांच्या ढिगात हात घालणारा माणूस म्हणून फसतो. आणि आपली लाइट रात्रीची, गहू-हरभऱ्याला ओलित रात्री करावं लागतं, तेव्हा गमबूट आणि बॅटरी पाहिजेच, विशेषतः अंधार पडल्यापासून नऊपर्यंत, कारण तापलेल्या रस्त्यावर आणि धुऱ्यावर तोवर ऊब असते आणि साप तिथेच येतात. मोटारीच्या पेटीत हात घालायच्या आधी उजेड मारा, आत ऊब असते, पाली जमतात, पालींमागे कवड्या येतो. तो बिनविषारी आहे पण मण्यारसारखा दिसतो, आणि अंधारात कोणता तो तपासत बसायचं नसतं. चावलंच तर 108 लावा आणि सरकारी दवाखाना, अँटीस्नेक व्हेनम तिथे मिळतं, बांधणं-कापणं-मांत्रिक यात वेळ घालवू नका. आपल्या देशात सर्पदंशाने वर्षाला सरासरी 58,000 माणसं जातात असा 2000 ते 2019 या काळाचा अंदाज आहे, त्यातली बरीच दवाखान्यात उशिरा पोचल्याने.

रस्त्याचं काय झालं. पंचायतीत दोन वेळा वाद झाला, जेसीबीचे तास आधीच ठरलेले, थांबवलं तर परत भाडं. शेवटी उरलेल्या तुकड्याचं काम होळीनंतर करायचं ठरलं. याला कारण आहे: तोवर रात्री गरम होतात, जनावर स्वतःच्या पायाने, पोटाने निघून जाऊ शकतं, आणि नागाची अंडी घालायची वेळ एप्रिल-मे, त्याच्या आधी हात मोकळा होतो. काम अकरा वाजल्यानंतरच सुरू करायचं, आणि त्याच्या आधी चार-पाच दिवस झुडपं कुऱ्हाडी-विळ्याने काढून ठेवायची, म्हणजे आतल्यांना आडोसा गेल्याचं कळतं आणि ते हलतात. गोटे नाल्यात न टाकता शेजारच्या दोघा भावांनी आपल्या वावराच्या उत्तरेच्या धुऱ्यावर रचून घ्यायचं कबूल केलं, दक्षिणेकडे तोंड करून, मोठे खाली, मध्ये सांदी ठेवून. त्यांचा स्वार्थ साधा आहे, धामण राहिली तर घुशी कमी होतात, आणि कोठारात निघालेल्या शेंगा त्यांच्याच वावरातल्या होत्या.

मकरसंक्रांतीच्या सुमारास मी दुपारी त्या तुकड्यावर गेलो होतो. बिळाच्या तोंडाशी नाग अर्धा बाहेर, अंग उन्हात पसरलेलं. पाऊल वाजलं तसा आत सरकला, आणि शेवटी शेपटी गेली तेव्हा टोकावरची घासलेली जागा दिसली, खपली धरून काळी पडलेली. होळीनंतर जेसीबी येईल तेव्हा तेच बीळ पहिल्यांदा बघायचं आहे, वनरक्षकांना तसं सांगून ठेवलंय.